दुसरं बँकॉक

वारजे, पुणे
६ फेब्रुवारी २०२६

प्रिय मैना,

तिसरं लाल कार्ड माझं होतं. तुला ते केव्हाच कळलंय, तरी माझ्या हाताने लिहून दिलेलं बरं. राष्ट्रीय स्पर्धेची निवड चाचणी झाल्यापासून तू माझा फोन उचलत नाहीस आणि व्हॉट्सॲपवर तुझ्या फोटोच्या जागी नुसता करडा गोळा दिसतो. मला वाटलं, तू फोटो काढून टाकलास. तुझ्या नासिरकाकांनी, म्हणजे आमच्या ह्यांनी, चष्मा कपाळावर सरकवून बघितलं आणि म्हणाले, "ब्लॉक केलंय तुला पोरीने. तीस वर्षं शाळेत काढलीस, एवढंही कळत नाही?" म्हणून हे पत्र. तुझ्या सरूआजींच्या हातात देणार आहे. कागद ब्लॉक करता येत नाही. फाडता येतो, पण फाडण्याआधी तू वाचशील. लहानपणीही तू चिडून डबा भिरकवायचीस, पण आधी आत भाजी कुठली आहे ते बघून घ्यायचीस.

आजी गेल्या आठवड्यात बाणेरच्या भाजीबाजारात भेटल्या. तुमच्या घरातलं आता तेवढंच एक माणूस माझ्याशी बोलतं. त्यांनीच सांगितलं की तू चालण्याच्या शर्यतीचे बूट माळ्यावर टाकलेस आणि दोन मार्चपासून हिंजवडीत कुठल्याशा कंपनीच्या रिसेप्शनवर बसणार आहेस. घरात म्हणालीस म्हणे, आता पायांचं काय काम, दारात कंपनीची बस येती. आजींना ते काही पटलेलं दिसलं नाही, मेथीची एकच जुडी त्या दहा वेळा खालीवर करत होत्या. मैना, नोकरी कर. नोकरीला मी कोण नाही म्हणणार? मीही नोकरीवरच घर चालवलं. पण नोकरी आहे म्हणून चालायला वेळ मिळत नाही हे वेगळं, आणि चारचौघांत शर्यतीतून बाहेर काढलं म्हणून तोंड लपवून बसणं वेगळं. तू हे दुसरं करते आहेस. अठराव्या वर्षी, अख्ख्या जिल्ह्यात तुझ्याइतक्या वेगात चालणारी एक पोरगी नसताना, तू चालणं सोडणार, आणि मी ते बघत बसणार, असं तुला वाटत असेल तर तू मला ओळखलंच नाहीस. पत्र मोठं होणार आहे. चहा घेऊन बस.

माझ्या लहानपणाचं मी तुला कधी फारसं सांगितलं नाही. ट्रॅकवर गप्पा मारायच्या नाहीत हा नियमच माझा, मग सांगणार कुठे? माझे अब्बा, युसूफभाई, नारायण पेठेत सायकली दुरुस्त करायचे. तेव्हा सगळं पुणं सायकलवर, त्यामुळे प्रोफेसरापासून पेपरवाल्यापर्यंत सगळे अब्बांच्या दुकानाच्या पायरीवर बसायचे. समोर चष्म्याचं दुकान होतं, त्यांच्याकडे टीव्ही आला होता. ब्याऐंशी साली दिल्लीला आशियाई स्पर्धा भरल्या तेव्हा त्या भल्या माणसाने टीव्हीचं तोंड रस्त्याकडे फिरवलं, आणि उलट्या करून ठेवलेल्या सायकलींमध्ये जागा करून गल्ली बघायला बसली. मी चौदा वर्षांची. सगळे पळणाऱ्यांकडे बघून ओरडत होते. माझं लक्ष मात्र कडेला उभ्या असलेल्या टोपीवाल्या माणसांकडे. कुणाच्या हातात झेंडा, कुणाच्या हातात पाटी. हे कोण, म्हणून विचारलं तर अब्बा हातातला पाना न सोडता म्हणाले, पंच आहेत, ते नसले तर ही सगळी नुसती पळापळ. मला ते एकदम भिडलं. इतके देश एका शहरात पाहुणे म्हणून यायचे आणि मधोमध उभं राहून खरं काय नि खोटं काय ते एका माणसाने सांगायचं! मी त्या रात्री अम्मीला सांगून टाकलं की एक दिवस मीपण असल्या शहरात, मैदानाच्या कठड्याच्या आत उभी राहणार. अम्मी म्हणाली, आधी भाताकडे बघ, लागेल.

पुढची चाळीस वर्षं मी कठड्याच्या बाहेर होते. कॉलेजात मी स्वतः चालायची शर्यत करायचे, लोक हसायचे, ते तुला सांगायला नको. चौऱ्याण्णवला राष्ट्रीय स्पर्धा पुण्यात झाल्या, तुमच्या बालेवाडीचं मैदान नवंकोरं, आणि मी घरात बाळंतीण. मग दोन हजार आठला युवा राष्ट्रकुल स्पर्धा आल्या आणि आपलं पुणंच यजमान झालं. काय थाट होता! पाहुणे येणार म्हणून आपण चादरी बदलतो ना, तसे दुभाजक रंगवले, फूटपाथ धुतले, जिथे कधी दिवा नव्हता तिथे दोन दोन दिवे. मला पाण्याच्या टेबलावर उभं केलं. कुठकुठल्या बेटांवरची पोरं माझ्या हातून पाण्याच्या बाटल्या घेऊन आत जायची आणि मी कठड्याशी टाचा उंचावून बघायचे. तू तेव्हा जेमतेम वर्षाची असशील. स्पर्धा संपल्या, पाहुणे गेले, खड्डे आपापल्या घरी परत आले. दोन वर्षांनी दिल्लीत राष्ट्रकुल झालं, तिथेही मी नाव पाठवलं होतं. बोलावणं आलं नाही.

आणि मग तू आलीस. शाळेच्या व्हरांड्यात पळायचं नाही, हाही माझाच नियम. तुला आठवत नसेल, मला पक्कं आठवतं. मधली सुट्टी संपल्याची घंटा झाली होती, दोन मुली नियम मोडून सुसाट पळत वर्गाकडे चालल्या होत्या, आणि मागून एक काळीसावळी, दोन वेण्यांची कार्टी, तोंड घट्ट मिटून, हात कमरेशी, नुसती चालत आली आणि त्या दोघींना मागे टाकून वर्गात जाऊन बसली. नियम पाळला आणि जिंकलीसुद्धा! मी हातातली शिट्टी वाजवायची विसरले. संध्याकाळी तुमच्या घरी आले तर सरूआजींनी मला सरळ सुनावलं, पोरगी कंबर हलवत रस्त्यानं चालंल तर लोकं काय म्हनतील, तुमचं काय जातंय. मी म्हटलं, लोक हसतील, दुसरं काय? मी हसण्यावर वाढलेय, मला अजून काही झालेलं नाही. दुसऱ्या दिवशी आजी स्वतः बघायला आल्या, रस्त्याच्या कडेच्या मोरीवर बसल्या. मोटरसायकलवरच्या पोरांनी तुला बघून बदकाचा आवाज काढला, तर आजींनी त्यांच्या आईबापांचा असा काही उद्धार केला की मला कानांवर हात ठेवावे लागले. त्यानंतर कुणी आवाज काढला नाही. आजींची ती मोरीवरची जागा मात्र पाच वर्षं पक्की झाली.

फेऱ्यांचं आता लिहिते, कारण सगळं तिथेच घडलं. दहा हजार मीटर म्हणजे ट्रॅकच्या पंचवीस फेऱ्या. पंचवीसपर्यंत मोजायला काय अक्कल लागते, असं ज्याला वाटतं त्याने उन्हात एकदा चालून बघावं. निम्म्यानंतर डोकं ओल्या साबणासारखं निसटतं. म्हणून मी तुम्हा पोरींना आकडे दिलेच नाहीत, शहरं दिली. ज्या ज्या शहरात आशियाई स्पर्धा झाल्या, त्याच क्रमाने. पहिली फेरी दिल्ली. मग मनिला, टोकियो, जाकार्ता, मग बँकॉक आणि लगेच पुन्हा बँकॉक. मधे तेहरानला जाऊन आलं की परत बँकॉक. तुम्ही हसून हसून लोळायचात. त्यांना दुसरं काही काम नाही का बाई, असं तूच विचारलं होतंस. तेव्हा मी तुम्हाला खाली बसवून सांगितलं होतं की सत्तर सालच्या स्पर्धा खरं तर सोलला व्हायच्या होत्या. सोलने हात वर केले. पाहुणे ठरलेले, आणि घरच नाही! बँकॉकने चार वर्षांपूर्वीच एक कार्य उरकून भांडी घासून पालथी घातली होती, तरी ते म्हणालं, या आमच्याकडे. म्हणून दुसरं बँकॉक गाळायचं नाही, बाकी काहीही विसरा. आजी तर ते "बँकाक, बँकाक" असं दोनदा ओरडायच्या, भाजीवालीसारख्या.

अशी बावीस शहरं होतात आणि शेवटच्या तीन फेऱ्यांना नाव नाही, कारण ती शहरं अजून ठरायची आहेत. त्या बिननावाच्या तीन फेऱ्यांत अंगात जे शिल्लक असेल ते सगळं ओतायचं, हे आपलं ठरलेलं. दोहा आणि रियाध ही पुढची दोन नावं एकाच दिवशी जाहीर झाली तेव्हा कोरोनाने शाळा बंद होत्या. तू बापाच्या फोनवरून मला फोन लावून किंचाळलीस, बाई, दोन फेऱ्या मिळाल्या! एवढा आनंद मी तुला बक्षीस घेतानाही झालेला बघितला नाही.

तुला पंधरावं लागलं आणि तुझ्या वडिलांनी, संपतरावांनी, तुला वाकडच्या त्या नव्या अकॅडमीत घातलं. त्यात त्यांचं काही चुकलं असं मी तेव्हाही म्हटलं नाही. तिथे चकचकीत जिम होती, फेऱ्या मोजणारं घड्याळ मनगटावर होतं, आणि माझ्याकडे काय होतं? शिट्टी आणि मोरीवरची आजी. तू गेल्यावर संध्याकाळी मला करमेना. म्हणून चोपन्नाव्या वर्षी पंचाच्या परीक्षेला बसले. नासिरकाकांनी रात्री जेवताना प्रश्न विचारायचे आणि मी उत्तरं द्यायची, असं आमचं दोन महिने चाललं होतं. पास झाले. पंचांच्या पॅनेलवर गेल्यावर मला उरलेल्या तीन मुलींना शिकवणंही सोडावं लागलं. पंचाने कुठल्याही खेळाडूला शिकवायचं नाही, असा आमच्याकडे नियम आहे आणि तो योग्यच आहे. दोन्ही डगरींवर हात ठेवता येत नाही. पहिल्यांदा टोपी घालून मी कठड्याच्या आत पाऊल टाकलं तेव्हा मला अब्बांची इतकी आठवण झाली की टोपी नीट करायच्या निमित्ताने डोळे पुसले.

आता जानेवारीतला बालेवाडीच्या ट्रॅकवरचा तो रविवार. अकॅडमीत जाऊन तुला तीन वर्षं झाली होती, त्यामुळे तुझ्या शर्यतीला मी उभी राहण्यात काही गैर नव्हतं. मला पलीकडचं वळण मिळालं. तू पहिल्यांदा माझ्यासमोरून गेलीस तेव्हा मला वाटलं, तू माझ्याकडे बघशील. बघितलं नाहीस, ते बरोबरच केलंस. पण तुझे ओठ हलत होते आणि जाता जाता मला ऐकू आलं, "दिल्ली". मनगटावर घड्याळ नव्हतं. ते तू विसरलीस की मुद्दाम काढून ठेवलंस, मला माहीत नाही, तू कधी बोललीस तर विचारीन. पुढच्या फेरीला मनिला. टोकियो. जाकार्ता. मी पाटी हातात धरून, चेहरा दगडासारखा ठेवून, आतल्या आत तुझ्याबरोबर मोजत होते. मग बँकॉक. आणि त्याच्या पुढच्या फेरीला तू माझ्यासमोरून गेलीस ती "तेहरान" म्हणत.

दुसरं बँकॉक तू गाळलंस. एवढी बजावून सांगितलेली गोष्ट, आणि नेमकी तीच. मला दोन फुटांवरून ऐकू आलं आणि मी काहीही करू शकत नव्हते. पंचाने खेळाडूशी बोलायचं नाही. आता ही मुलगी एक फेरी पुढे मोजणार, आणि शेवटचा जोर एक फेरी आधी काढणार, हे मला सहाव्या फेरीपासून कळलेलं होतं. फेऱ्यांची पाटी होती, पण ती सगळ्यांत पुढच्या मुलीसाठी, आणि तू अर्धी फेरी मागे तिसरी होतीस. उरलेला सगळा वेळ मी मनात एकच म्हणत राहिले, कुठेतरी चूक सुधार गं, एखादं शहर दोनदा म्हण. तू म्हटलं नाहीस. रियाध खरं बाविसावं, तू ते एकविसाव्यालाच म्हणून मोकळी झालीस, आणि बाविसाव्या फेरीला अशी सुटलीस की प्रेक्षकांत बसलेल्या आजी उठून उभ्या राहिल्या. त्या फेरीत तू साताऱ्याच्या मुलीला मागे टाकून दुसरी झालीस. तेविसाव्या फेरीला तुझा उजवा गुडघा वाकायला लागला, आणि पाय टेकल्यापासून अंग त्यावर येईपर्यंत गुडघा सरळच हवा, हा तर चालण्याचा पहिला नियम. मी ताकीद म्हणून पिवळी पाटी दाखवली, तू बघितलीस. चोविसाव्याला तुझ्या डोळ्यांत शेवटच्या फेरीचा जोर होता आणि अंगात काहीच नव्हतं. गुडघा पाय टेकताना वाकलेला, अंग वर येईपर्यंत वाकलेला. मला साफ दिसलं. पलीकडच्या फलकावर तुझ्या नंबरासमोर दोन लाल खुणा आधीच लागल्या होत्या, तिसऱ्या पंचाचं लाल कार्ड पडलं की मुलगी बाद. आम्ही फलकाकडे बघायचं नसतं. मी बघितलं.

मी कार्ड लिहिलं. तुझा नंबर आणि वेळ नीट वाचता येईल अशा अक्षरात. शेवटच्या फेरीत, अंतिम रेषा डोळ्यांसमोर दिसत असताना, मुख्य पंचांनी तुझ्यापुढे लाल पाटी धरली. तू छातीवरचा नंबर ओरबाडून काढलास आणि गवतावर बसलीस. मी माझ्या जागेवरून हलू शकत नव्हते, अजून मुली चालत होत्या. ती दहा मिनिटं मी कशी काढली ते माझं मला माहीत.

संपतरावांनी मला गाड्या लावतात तिथे गाठलं. कार्डं कुणाकुणाची ते त्यांनी तोवर काढलंच होतं. ओरडले असते तर बरं झालं असतं. हळू आवाजात म्हणाले, "बाई, हितं आमची जवारी हुती. आमच्याच रानात उभं राहून आमचीच पोरगी भाईर काढली तुमी." स्टेडियमसाठी गेलेली ती जमीन त्यांच्या वडिलांची होती हे खरं, त्या वळणावर कुठेतरी तुमचं खळं होतं असं आजीही म्हणतात. घरी येऊन मी जेवले नाही. नासिरकाकांनी दोनदा ताट वाढलं, दोनदा झाकलं, मग म्हणाले, एवढं लागलं होतं तर लिहायचं कशाला, डोळा चुकवायचा, बाकीचे चार होतेच की. आमचं मोठं भांडण झालं, लग्नानंतर प्रथमच मी भांडणात रडले.

पण मैना, मी तुला सॉरी म्हणणार नाही. या पत्रात ते शोधत असशील तर पुढे वाचू नकोस. तू साताऱ्याची ती काटकुळी मुलगी बघितलीस का? पंचवीसच्या पंचवीस फेऱ्या सरळ गुडघ्याने चालली. हळू चालली, पण खरी चालली. ती माझ्यासमोरून जाताना मी तिच्या गुडघ्याकडे बघायचं आणि तुझ्या गुडघ्याकडे नाही, हे मी कुठल्या तोंडाने केलं असतं? तिलाही कुणीतरी बाई असेलच ना. आणि समज, मी डोळा चुकवला असता. तू राष्ट्रीयला गेली असतीस. तिथे मला न ओळखणारे पंच उभे असते आणि त्यांनी तुला दहाव्या फेरीलाच बाहेर काढलं असतं. तुझा गुडघा एका रविवारी बिघडलेला नाही. तीन वर्षं तो हळूहळू बिघडतोय. अकॅडमीत तुला वेग शिकवला आणि तो मांडीतून काढायला शिकवला. तो कमरेतून यायला हवा. मांडी दमली की गुडघा वाकणारच, पोरी, त्याला तुझा स्वभाव किंवा तुझं नशीब कारण नाही. शहर गाळलंस म्हणून तू एक फेरी आधी दमलीस, एवढंच. नाहीतर हे दोष आणखी वर्षभर झाकले गेले असते. ते सुधारता येतात. मला वाटतं सहा-आठ महिने लागतील, आणि ते महिने अगदी कंटाळवाणे जातील. भिंतीला हात लावून एक एक पाऊल टाकायचं, परत पहिलीतल्यासारखं. तुला ते मुळीच आवडणार नाही.

अहमदाबादचं तर तू वाचलंच असशील. दोन हजार तीसच्या राष्ट्रकुल स्पर्धा तिथे ठरल्यात. बातमी आली त्या दिवशी आमच्या पॅनेलच्या ग्रुपवर नुसते पेढे आणि टाळ्या. डिसेंबरमध्ये पंचांच्या प्रशिक्षणासाठी पहिली यादी निघाली आणि तिच्यात माझं नाव आलं. निवड नव्हे, नुसतं प्रशिक्षण, पण आलं. मी मे महिन्यात शाळेतून निवृत्त होतेय, तीस साली बासष्टची असेन. माझ्यासाठी हे शेवटचंच शहर. नासिरकाका रोज मला चिडवायचे, ढोकळा खायचा सराव सुरू कर, नाहीतर तिथे पोट बिघडेल. मी हे कुणालाच सांगितलं नव्हतं, तुलाही चाचणी झाल्यावर सांगायचं ठरवलं होतं. मी आत पाटी घेऊन उभी आणि तू माझ्यासमोरून चालत जातेयस, भारताचा बनियन घालून, असं मी किती वेळा डोळ्यांसमोर आणलं असेल! हसू नकोस. बायका मुलांच्या लग्नाचं बघतात, मी हे बघायचे.

तू अहमदाबादला बावीस-तेवीस वर्षांची असशील. चालणाऱ्यांचं खरं वय तेच. गुडघा सरळ झाला तर जिल्ह्यात, राज्यात तुला अडवणारं मला तरी कुणी दिसत नाही. पण तो कोण सरळ करणार? अकॅडमीला तू आता नको आहेस, ते मला आजींकडून कळलं. या शहरात चालणं शिकवणारी माणसं बोटांवर मोजण्याइतकी, आणि त्यातल्या निम्म्यांना गुडघा आणि कोपर यातला फरक सांगावा लागेल. गेले आठ दिवस मी हाच विचार करतेय. भाकरी थापताना, स्कूटर चालवताना, नमाजाला बसल्यावरसुद्धा, अल्ला माफ करो. नासिरकाकांना सांगितलं तेव्हा ते म्हणाले, चाळीस वर्षं कठड्याशी टाचा उंचावून उभी राहिलीस, आत गेलीस, आता स्वतःच्या पायांनी बाहेर येणार? मी म्हटलं, हो. ते म्हणाले, मग मला विचारतेस कशाला.

बुधवारी मी पॅनेलचा राजीनामा दिला. सचिवांनी तीनदा विचारलं, अहमदाबादच्या यादीतलं नाव कापलं जाईल, कळतंय ना तुम्हाला? मी म्हटलं, कळतंय, कापा. बिल्ला टेबलावर ठेवला आणि निघाले. पंचाला खेळाडू शिकवता येत नाही, मला शिकवायचंय, मग दुसरं काय करणार होते मी? अहमदाबादला मी जाईनच, तिकीट काढून, आजींना घेऊन, आणि तू आत असशील. हे सगळं तुला उपकार म्हणून सांगत नाहीये. तू आली नाहीस तरी बिल्ला काही परत मिळायचा नाही, तेव्हा तू ते ओझं घेऊ नकोस. मला फक्त एवढं माहीत आहे की त्या दिवशी तुझं चुकलेलं मला सगळ्यांच्या आधी दिसत होतं आणि बोलायची मला परवानगी नव्हती. आता आहे. सोमवारी सकाळी उजाडायच्या आत मी स्टेडियमच्या मागच्या गेटशी उभी असेन, मंगळवारी असेन, रोजे सुरू झाले की पहाटेची सहरी करून तशीच येईन. तुझी नोकरी नऊची आहे, मी विचारून घेतलंय. माझ्यावर राग आहे तो असू दे. शिव्या घालायच्या असतील तर त्याही घाल, पण चालता चालता घाल, आणि घालताना उजवा गुडघा सरळ ठेव.

आता फक्त तुझीच,
नूरबाई